सांगणारी आणि लिहून घेणारा

लेखक पडद्यावर दाखवायचा म्हणजे काय दाखवायचे, हा प्रश्न चित्रपटाला त्याच्या बाल्यावस्थेतच पडलेला होता. 1907 साली फ्रान्समध्ये जॉर्ज मेलिएस यांनी काढलेल्या एका छोट्या चित्रपटात शेक्सपिअर आपल्या खोलीत बसून ‘ज्यूलिअस सीझर’ लिहितो आहे असे दृश्य होते, आणि 1909 साली अमेरिकेत डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांनी कवी एडगर ॲलन पो याच्यावर काही मिनिटांचा मूकपट काढला. त्या काळी चित्रपटाची लांबी तासांत नव्हे तर रिळांत मोजली जाई. एक रीळ म्हणजे सुमारे हजार फूट फिल्म, आणि सेकंदाला सोळा चौकटी या गतीने ती साधारण सोळा-सतरा मिनिटे चाले. एवढ्या अवकाशात एका माणसाची सर्जनशीलता मावायची, तर तिला डोळ्यांना चटकन कळेल असे रूप द्यावे लागे, आणि ते रूप ठरून गेले: मेज, कागद, दौत, बोरू किंवा टाक, कपाळावर टेकलेला हात, आणि मग एकाएकी काही सुचल्यासारखे उजळणारे डोळे. पुढे बोलपट आला, रंग आला, तरी ही मांडणी फारशी हलली नाही. लेखक म्हणजे मेजाशी बसलेला, एकटा, बहुधा पुरुष, आणि त्याच्यासाठी कुणीतरी बंद केलेले दार, ही समजूत त्या पहिल्या रिळांनी प्रेक्षकांच्या मनात घट्ट रुजवली.

मराठीतल्या जुन्या लेखिका या चौकटीत बसत नाहीत, कारण त्यांच्यापैकी अनेकींना मेज नव्हते, दार बंद करण्याची सोय नव्हती, आणि काहींच्या हाती लेखणीही नव्हती. वारकरी परंपरेत संतांचे लेखनिक, म्हणजे त्यांच्या तोंडून निघालेले अभंग लिहून घेणारी माणसे, कोण होती हे सांगणारा एक अभंग प्रसिद्ध आहे. त्यात चोखामेळ्यासाठी अनंतभट्ट आणि जनाबाईसाठी प्रत्यक्ष पांडुरंग लेखनिक म्हणून येतो. दळणकांडण करणाऱ्या, नामदेवांच्या घरची दासी म्हणून वावरणाऱ्या स्त्रीचे शब्द कागदावर उतरले कसे, याचे उत्तर देताना परंपरेने देवाच्या हाती लेखणी दिली, यात श्रद्धा तर आहेच, पण एक सूक्ष्म सामाजिक निरीक्षणही आहे. सांगणारी एक आणि लिहून घेणारा दुसरा, अशी ही जोडी मराठी स्त्रीलेखनाच्या इतिहासात पुन्हा पुन्हा भेटते. लेखणी कुणाच्या हाती होती यापेक्षा सांगणारीचा सूर लिहून घेणाऱ्याने राखला की नाही, हे अशा वेळी अधिक महत्त्वाचे ठरते. कॅमेऱ्यालाही हीच कसोटी लावून पाहण्याजोगी आहे. तोही एका अर्थाने लेखनिकच, आणि त्याच्यापुढे बसलेल्या स्त्रीचे तो ऐकतो की तिच्यावर आपलेच अक्षर गिरवतो, हे पाहिल्यावाचून त्याने केलेल्या चित्रणाचे मोल ठरत नाही.

या दृष्टीने पाहता लक्ष्मीबाई टिळक यांच्या आयुष्यावर विजया मेहता यांनी 1982 साली केलेली ‘स्मृतिचित्रे’ ही टेलिफिल्म मराठीत विशेष जवळची वाटते. टेलिफिल्म म्हणजे चित्रपटगृहातल्या भव्य पडद्यासाठी नव्हे, तर घरातल्या लहान पडद्यासाठी बेतलेला चित्रपट. मुंबई दूरदर्शन केंद्र 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झाले होते आणि देशात रंगीत प्रक्षेपणाला 15 ऑगस्ट 1982 रोजी प्रारंभ झाला, म्हणजे मराठी टेलिफिल्म हा प्रकार तेव्हा नुकता कुठे पावले टाकू लागला होता. अशा कोवळ्या माध्यमात एका लेखिकेचे चरित्र यावे, आणि तेही तिने स्वतः सांगितलेल्या आत्मकथेच्या आधाराने यावे, ही गोष्ट मराठी चित्रमाध्यमाच्या इतिहासात लहान नाही.

लक्ष्मीबाईंचा जन्म 1868 सालचा, नाशिकजवळच्या जलालपूरचा. त्यांचे माहेरचे नाव मनकर्णिका गोखले. दादासाहेब फाळके यांचा जन्म 1870 सालचा, त्याच परिसरातल्या त्र्यंबकेश्वराचा. गोदावरीच्या काठी अवघ्या दोन वर्षांच्या अंतराने जन्मलेल्या या दोन मुलांपैकी एकाने पुढे भारताला चित्रपट दिला आणि दुसरीने मराठीला तिचे सर्वांत निर्मळ आत्मचरित्र दिले, ही जुळणी योगायोगाची असली तरी तिच्याजवळ थोडे थांबावेसे वाटते. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ 3 मे 1913 रोजी मुंबईत लोकांपुढे आला, तेव्हा त्यातली तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने साकारली होती, कारण पडद्यावर यायला स्त्री मिळाली नव्हती. त्याच वर्षीच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई यांनी ती कोंडी फोडली. ज्या काळात स्त्रीचा नुसता चेहरा पडद्यावर येणे एवढे अवघड होते, त्याच काळात लक्ष्मीबाई संसार, वियोग, धर्मांतर, प्लेगच्या साथीतली सेवा आणि कविता यांतून आपले आयुष्य जगत होत्या, आणि त्या आयुष्याची गोष्ट अजून कुणाला सांगितलेली नव्हती.

ती गोष्ट सांगितली गेली तीही विचारणा झाल्यावर. पती नारायण वामन टिळक 1919 साली वारले, आणि त्यांच्या आठवणी टिपून ठेवाव्यात या मुलाच्या, देवदत्त टिळकांच्या आग्रहातून लक्ष्मीबाईंचे लिहिणे सुरू झाले. ‘स्मृतिचित्रे’चा पहिला भाग 1934 साली प्रसिद्ध झाला, 1936 साली लक्ष्मीबाई वारल्या, आणि चौथ्या भागाची पूर्तता देवदत्तांनी केली. नवऱ्याच्या आठवणी सांगता सांगता बाईने स्वतःचे आयुष्य सांगून टाकले, आणि तेही अशा भाषेत की वाचणाऱ्याला कागद दिसेनासा होऊन ओसरीवर बसून बोलणारी आजी ऐकू येते. लक्ष्मीबाईंना शाळा मिळाली नव्हती. अकराव्या वर्षी लग्न झाल्यावर नवऱ्यानेच अक्षरओळख करून दिली. पुढे टिळकांनी अर्धवट सोडलेले ‘ख्रिस्तायन’ हे ओवीबद्ध महाकाव्य त्यांनीच पुरे केले, आणि त्याचे बहुतेक अध्याय त्यांचे आहेत. तरीही पुस्तकात कुठेही आपण लेखिका आहोत असा पवित्रा नाही. आपल्या भाबडेपणावर, भित्रेपणावर, रागावर त्या मोकळेपणाने हसतात, आणि ज्या माणसाने आपल्याला इतके सोसायला लावले त्याच्यावर हसतानाही त्यांच्या शब्दांत कडवटपणा उतरत नाही.

हा सूर पडद्यावर आणणे किती अवघड आहे हे पुस्तकातल्या एखाद्याच गोष्टीवरून ध्यानात येते. लक्ष्मीबाईंच्या वडिलांचे सोवळे विलक्षण कडक होते. सोवळे म्हणजे शुद्धाशुद्धतेचा तो आचार, ज्यात कुणी काय शिवले आणि कुणी शिवले यावर घरातले अन्न, वस्त्र आणि माणसे यांची योग्यता ठरते. बाहेरून घरात येणारे जिन्नस धुऊन घेण्याचा दंडक आणि त्यापायी बायकांच्या जिवाला लागलेली धास्ती, हे सगळे पुस्तकात इतक्या हलक्या हाताने येते की वाचक आधी हसतो आणि मग मनातून हादरतो. कॅमेरा मात्र वस्तू जशी आहे तशी दाखवतो. ओले धान्य, ओले लुगडे, थरथरणारी मुलगी. दिसणारे सगळे खरे असले, तरी साठ वर्षांनंतर त्या ओल्या धान्याकडे पाहून हसणारी म्हातारी त्या चित्रात आपोआप येत नाही, तिला वेगळे आणावे लागते.

विजया मेहतांच्या टेलिफिल्ममध्ये लक्ष्मीबाईंच्या भूमिकेत सुहास जोशी आहेत आणि स्वतः विजया मेहताही आहेत. टिळकांची भूमिका रवींद्र मंकणी यांची. एकाच स्त्रीसाठी दोन अभिनेत्री, ही गोष्ट वयाच्या हिशेबाने साधी व्यावहारिक सोय म्हणता येईल, परंतु आत्मकथेच्या बाबतीत तिचा अर्थ अधिक खोल जातो. आत्मकथेत नेहमीच दोघी असतात: एक भोगणारी आणि एक सांगणारी. भोगणारीला पुढे काय होणार हे ठाऊक नसते, सांगणारीला सगळे ठाऊक असते, आणि त्या दोघींमधले अंतर हेच खरे लेखन असते. मेजाशी बसून टाक चालवणारी बाई दाखवून लेखिका दिसत नाही; तरुण चेहऱ्यावरचे भय आणि वृद्ध चेहऱ्यावरचे समजूतदार हसू यांच्यामध्ये जी जागा उरते तिथे ती दिसते. विजया मेहतांच्या रंगभूमीवरच्या घडणीला ही जाण परकी नव्हती. ‘रंगायन’मधून प्रायोगिक नाटक उभे करणाऱ्या आणि फ्रिट्झ बेनेविट्झ या जर्मन दिग्दर्शकासोबत ब्रेख्तचे नाटक ‘अजब न्याय वर्तुळाचा’ या मराठी रूपात मंचावर आणणाऱ्या या दिग्दर्शिकेला, घडणारी घटना आणि ती सांगणारा माणूस एकाच वेळी प्रेक्षकांपुढे कसा ठेवावा, याचा सराव होता; मराठी कीर्तनकाराला आणि तमाशातल्या सोंगाड्यालाही तो पिढ्यान्‌पिढ्या होताच.

‘स्मृतिचित्रे’मधली सर्वांत मोठी घटना लक्ष्मीबाईंनी स्वतः पाहिलेलीच नाही, हीसुद्धा चित्रपटकाराला विचारात पाडणारी गोष्ट आहे. राजनांदगावच्या प्रवासात आगगाडीच्या डब्यात भेटलेल्या एका युरोपीय प्रवाशाने टिळकांना ‘नवा करार’ वाचायला दिला, आणि पुढे 10 फेब्रुवारी 1895 रोजी मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा, म्हणजे ख्रिस्ती धर्मप्रवेशाचा जलसंस्कार झाला. त्या दिवशी लक्ष्मीबाई तिथे नव्हत्या. चरित्रकार असता तर त्याने हा प्रसंग ग्रंथाच्या मध्यभागी ठेवला असता. बायकोच्या आत्मकथेत तो येतो बातमीच्या रूपाने, उंबरठ्याच्या आतल्या बाजूने, नातलगांच्या रडण्यातून आणि लहान मुलाला पोटाशी धरून काढलेल्या दिवसांतून. नवऱ्याच्या आयुष्यातला प्रकाशाचा क्षण बायकोच्या आयुष्यात अंधाराचा होता, आणि दोन्ही तितकेच खरे होते. त्यानंतरची सुमारे पाच वर्षे, त्यांतला काही काळ पंढरपुरात, ही बाई नवऱ्यावाचून राहिली. परत आल्यावरही ती लगेच त्याच्या धर्मात गेली नाही. एकाच घरात तिची चूल वेगळी आणि पाण्याचे भांडे वेगळे होते.

हे वेगळे भांडे म्हणजे सगळ्या पुस्तकाचा आस म्हणावा असे आहे. प्रवचनाने, वादाने किंवा नवऱ्याच्या आज्ञेने ते भांडे एक झाले नाही. माणसांत भेद देवाने केलेला नसून माणसाने केलेला आहे, हे लक्ष्मीबाईंना आतून उमगले, आणि त्या दिवसापासून कुणाच्याही हातचे पाणी त्यांना चालू लागले. 1900 साली झालेला बाप्तिस्मा हा त्या आतल्या बदलामागून आलेला बाहेरचा विधी होता. इथे कॅमेऱ्याला पुस्तकाहून मोठी संधी आहे, असे निःसंकोच म्हणता येईल. विचार बदलला हे लिहायला वाक्ये लागतात. हात पुढे झाला, भांडे उचलले, पाणी घशाखाली उतरले, हे दाखवायला एक क्षण पुरतो, आणि त्या क्षणात हजार वर्षांची शिवाशीव मोडलेली प्रेक्षकाला स्वतःच्या घशात जाणवू शकते.

वसई-विरारच्या पट्ट्यातून या पुस्तकाकडे आणि त्यावरच्या चित्रणाकडे पाहिले, तर काही गोष्टी वेगळ्या दिसतात. लक्ष्मीबाईंचे ख्रिस्तीपण प्रॉटेस्टंट, अमेरिकन मराठी मिशनच्या वातावरणातले आणि एका पिढीत घडलेले; वसईचे ख्रिस्तीपण मुख्यतः कॅथलिक, 1534 ते 1739 या पोर्तुगीज अमलात रुजलेले आणि म्हणून कैक पिढ्यांचे. लक्ष्मीबाईंना ज्या प्रश्नांनी रात्र रात्र जागवले, ते प्रश्न इथल्या घरांतल्या फार जुन्या पणज्यांनी कधीतरी सोसले असतील आणि त्यांची एकही ओळ मागे उरलेली नाही. मात्र धर्म बदलला तरी भाषा, लुगडे, ओवी आणि जेवणाची चव बदलत नाही, हे लक्ष्मीबाईंना जे अनुभवाने कळले, ते इथे डोळ्यांना रोज दिसत आले आहे. लाल लुगडे नेसून चर्चला निघालेली सामवेदी ख्रिस्ती म्हातारी आणि तशाच लुगड्यातली तिची हिंदू शेजारीण एकमेकींशी कादोडीत, म्हणजे या समाजाच्या मराठी बोलीत, बोलतात. व्हॅटिकनच्या दुसऱ्या महासभेनंतर (1962 ते 1965) कॅथलिक उपासना लोकभाषेत करण्याची मुभा मिळाली आणि वसईच्या चर्चमधली मिस्सा, म्हणजे मुख्य उपासनाविधी, मराठीत होऊ लागली. ख्रिस्ताची भक्ती कीर्तन-भजनातून करावी हे टिळकांनी अर्धशतकाआधी मनाशी धरलेले होते. ‘सुवार्ता’ हे वसईचे मासिक 1983 पासून जवळजवळ पाव शतक संपादित करणारे आणि उस्मानाबादच्या 2020 च्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद भूषवणारे फादर फ्रान्सिस दिब्रिटो, किंवा कवयित्री सिसिलिया कार्व्हालो, यांच्या लेखनामागे जी मराठी ख्रिस्ती वाट आहे, तिच्यावरचे एक ठळक पाऊल लक्ष्मीबाईंचे आहे. त्यामुळे पडद्यावरची लक्ष्मी टिळक इथल्या प्रेक्षकाला परक्या धर्मात गेलेली ब्राह्मणाची बाई वाटण्याऐवजी शेजारच्या आळीतली, आपल्यासारखेच सण आणि सुतक पाळणारी बाई वाटणे अधिक साहजिक आहे.

इथे आणखी एका स्त्रीची आठवण होणे अपरिहार्य आहे. प्रभातच्या 1941 सालच्या ‘संत सखू’मध्ये सखूची भूमिका करणाऱ्या हंसा वाडकर यांनीही पुढे आपले आयुष्य सांगितले, लिहून घेणारे होते अरुण साधू, पुस्तक ‘सांगत्ये ऐका’, आणि त्यावरून श्याम बेनेगल यांनी 1977 साली ‘भूमिका’ हा हिंदी चित्रपट काढला. सांगणारी, लिहून घेणारा आणि चित्रित करणारा अशी ही तीन पायऱ्यांची वाट. ‘भूमिका’ श्रेष्ठ चित्रपट आहे, स्मिता पाटील यांचा त्यातला अभिनय विसरता येत नाही. तरीही हंसाबाईंच्या बोलण्यातला जो फटकळ, खळाळता, स्वतःला न वाचवणारा सूर पुस्तकात आहे, तो चित्रपटात वेदनेच्या गांभीर्याखाली दबल्यासारखा वाटतो. चित्रपटाला स्त्रीचे दुःख दाखवणे सोपे जाते, तिचा विनोद दाखवणे अवघड जाते, आणि स्त्री लेखिका असेल तर तिचा विनोद गमावणे म्हणजे तिचे लेखकपणच गमावणे होय. लक्ष्मीबाईंच्या बाबतीत तर हे शंभर टक्के खरे आहे. ई. जोसेफिन इंक्स्टर यांनी 1950 साली ‘आय फॉलो आफ्टर’ या नावाने या आत्मकथेचा इंग्रजी अनुवाद केला, तेव्हा परक्या भाषेतल्या वाचकांनाही ही बाई भावली. रडवता रडवता हसवणारी तिची धाटणी त्या अनुवादातही टिकून राहिली, हे त्यामागचे मुख्य कारण असावे.

चित्रपटातला सांगण्याचा आवाज, ज्याला निवेदन म्हणतात, तो या हसण्यासाठी मोठा आधार ठरू शकतो. मूकपटात ही सोय नव्हती. तिथे दोन दृश्यांच्या मध्ये अक्षरांच्या पाट्या येत, आणि ज्यांना वाचता येत नसे त्यांना शेजारी बसलेला माणूस त्या वाचून दाखवी. म्हणजे पडद्यावर एखादी संत कवयित्री ओठ हलवीत असे आणि तिचे शब्द अंधारातल्या कुणा अनोळखी माणसाच्या तोंडून लोकांच्या कानी पडत. आज ते दृश्य कल्पनेत आणले की जनाबाईच्या लेखनिकाची गोष्ट पुन्हा समोर उभी राहते.

वसईच्या गावांतून, गिरीज, भुईगाव, निर्मळ, आगाशी अशा वाड्यांतून, कादोडी बोलणाऱ्या आणि कधीही काही न लिहिलेल्या अनेक वृद्ध स्त्रिया अजून आहेत. लग्नातली गाणी, मिठागरे आणि वाड्या, पहाटेच्या गाडीने मुंबईला नेलेली भाजीची आणि फुलांची टोपली, विहिरी खाऱ्या झाल्या तेव्हाचे दिवस, परिसराची हिरवाई राखण्यासाठी झालेले हरित वसईचे आंदोलन, हे सगळे त्यांच्या सांगण्यात आहे. त्यांच्या नातवंडांच्या हाती आज लेखणीच्या आधी मोबाइलचा कॅमेरा येतो. आजी बोलते तेव्हा तिचा चेहरा, हातवारे, मध्येच थांबून पदराने ओठ पुसणे, एखाद्या जुन्या दुखण्याला हसून बगल देणे, हे सगळे एकाच वेळी साठवले जाते. देवदत्त टिळकांना हे साधन मिळाले नव्हते आणि विजया मेहतांना तेच सगळे अभिनयातून नव्याने उभे करावे लागले होते. मात्र लक्ष्मीबाईंनी आठवणी सांगायला घेतल्या त्या कागदासमोर, पुन्हा मागे जाऊन, खोडून, वगळून, काय सांगायचे आणि काय पोटात ठेवायचे हे स्वतः ठरवून. कॅमेऱ्यापुढे एका बैठकीत बोलणाऱ्या आजीला ती निवड कोण मिळवून देणार, तिने बोललेले तिला परत ऐकवून ‘आजी, हे राहू दे का काढू?’ असे कोण विचारणार, आणि तिने काढ म्हटले तर ते खरोखर काढणार का, हे प्रश्न त्या नातवंडांपुढे आहेत.